चँडलर लेनमधला ताप

१

डोरा स्केल्टन गेली तेव्हा मेट्रनबाई म्हणाल्या, देवाची इच्छा. ऑलिव्ह गार्टन गेली तेव्हा म्हणाल्या, यंदाची हवाच वाईट. आयव्ही ब्रॉकल्सबीला ताप चढला तेव्हा मात्र देव आणि हवा दोघांनाही सोडून देऊन त्यांनी एका नाइटगाउनला धरलं.

"हा बघा पुरावा," असं म्हणत त्यांनी तो गाउन चिमट्यात पकडून माझ्या नाकासमोर आणला. "आल्या दिवशी धुवायला देईचना. अंगावरून ओढून घ्यावा लागला. अशा बायकांना ताप नाही येणार तर कोणाला येणार?"

"का देत नव्हती?"

"नवरा त्या दिवशी बोटीवर जाणार होता म्हणे."

मी कपाळाला हात लावला. इंग्लंडमधल्या या हल बंदरात अर्धा जन्म काढलेल्या बाईला हे समजावून सांगायची पाळी माझ्यावर यावी? हेसल रोडवरच्या कुठल्याही कोळिणीला विचारा. नवरा समुद्रावर निघतो त्या दिवशी घरात धुणं काढत नाहीत. कपड्यांबरोबर माणूसही धुऊन निघतो म्हणतात. माझी आई अशीच होती आणि तिला पाच मुलं झाली, एकदाही ताप आला नाही.

"मिस ट्रॅनमर," मी म्हणाले, "डोराचा गाउन स्वच्छ होता ना?"

"होता."

"ऑलिव्हचा?"

"तोही."

"मग त्या दोघी कशानं गेल्या?"

मेट्रनबाईंनी गाउन टोपलीत टाकला आणि उत्तर म्हणून खिडकी लावून घेतली.

मी डॉक्टर हेस्टर वॉर्डेल. महापालिकेच्या आरोग्य खात्यात बाळंतिणी आणि तान्ही मुलं हा माझा प्रांत. बाईमाणसाला डॉक्टर म्हणून तेवढाच प्रांत मिळतो. १९३४ च्या त्या वसंतात चँडलर लेनच्या प्रसूतिगृहात एका महिन्यात दोन बाळंतिणी तापानं गेल्या आणि तिसरी फणफणली, म्हणून मला चौकशीला पाठवलं होतं. हे इस्पितळ दोन कप्तानांच्या विधवांनी आपल्या राहत्या घरात चार खाटा टाकून सुरू केलं होतं. बायकांनी बायकांसाठी काढलेलं. पुढे इमारत मोठी झाली, शेजारी स्त्रीरोगांचं वेगळं इस्पितळ उभं राहिलं आणि मग कोणीतरी नियम करून टाकला की इथले मानद डॉक्टर पुरुषच असतील. विधवांची तसबीर जिन्यात आहे. त्या दोघींच्या चेहऱ्यावर जो वैताग आहे तो मला फार ओळखीचा वाटतो.

तेवढ्यात दार न वाजवता मिस्टर ऑब्रे फॅनशॉ आत आले. हे इथले मानद सर्जन. दोन्ही मेलेल्या बायकांची बाळं यांनीच चिमटे लावून ओढून काढली होती.

"चौकशीला आलात की धुणं मोजायला?" त्यांनी मला विचारलं. उत्तराची वाट न बघता ते मेट्रनबाईंकडे वळले. "शुक्रवारपर्यंत कारण सापडलं नाही तर महापालिका आपल्याला टाळं लावणार. तेव्हा हा पोरखेळ पुरे. ताप बाहेरून आला आहे आणि तो कोणी आणला हे आपल्या दोघांना ठाऊक आहे."

"कोणी?" मी विचारलं.

"ती आयरिश पोरगी," फॅनशॉ म्हणाले. "आजच तिला काढून टाकतो आहे."

२

तिला काढून टाकणं मी कसंबसं दोन दिवस पुढे ढकललं. दोन दिवस तिला कामाला लावू नका, पण घरीही धाडू नका, एवढं कबूल करून घेतलं.

ती पोरगी म्हणजे नर्स डेलिया गिलमार्टिन. चादरींच्या खोलीत बसून उशांचे अभ्रे घडी करत होती. शिकाऊ, विशीतली, आयर्लंडच्या मेयो परगण्यातली.

"तुम्हीही मला विचारणार का की मी आंघोळ कधी केली?" ती म्हणाली.

"कोणी विचारलं?"

"मेट्रनबाईंनी. आमच्या गावात गाय मेली की शेजारणीच्या नजरेला दोष देतात. इथं शेजारीण मीच."

मला हसू आलं, पण तिला आलं नव्हतं. मी तिला विचारलं की लेबर रूममध्ये ती कधीपासून आहे.

"डोराबाई तापल्या ना, त्यानंतर. त्याआधी मी शेजारच्या इस्पितळात होते. इथली नर्स लग्न करून गेली म्हणून मला आणलं. ऑलिव्हबाईंच्या वेळी मी दिवा धरला. आयव्हीबाईंच्या वेळी पाय धरले. दुसरं काही मला करू देत नाहीत."

"मास्क?"

"एकदाही काढला नाही. सिस्टर स्टॅथर्स कानाला धरून बाहेर काढतील."

म्हणजे पहिली बाई तापली तेव्हा ही पोरगी या इमारतीतच नव्हती. एवढी साधी गोष्ट कोणाच्या डोक्यात येऊ नये?

फॅनशॉ त्यांच्या खोलीत पाइप साफ करत बसले होते. मी मास्कबद्दल विचारलं.

"मी मास्क लावत नाही. बाळंतिणीला डॉक्टरचा चेहरा दिसला पाहिजे. त्यानं धीर येतो."

"आणि तुमच्या घशातले जंतू? त्यांनीही धीर येतो?"

"माझ्या घशात जंतू नाहीत," ते म्हणाले. घड्याळातली वेळ सांगावी इतक्या शांतपणे. हा बाळंतज्वर जुना आजार आहे. तो नाइटगाउनातून येत नाही. तो येतो दुसऱ्या माणसाच्या हातातून, नाहीतर नाका-घशातून. त्या माणसाला स्वतःला काही होत नाही. थोडा घसा दुखतो एवढंच. बाळंतीण मात्र चौथ्या-पाचव्या दिवशी हुडहुडी भरून पडते. त्यावर आमच्याकडे औषध नव्हतं. बर्फ, क्विनीन आणि वाट बघणं.

शेवटी मी लेबर रूममध्ये गेले. तिथं सिस्टर मॉड स्टॅथर्स हात कोपरापर्यंत घासत उभी होती. मी विद्यार्थिनी असताना मला कोणी सर्जन प्रसूती बघू देत नव्हता. तेव्हा मॉडनं मला मागच्या दारानं आत घेतलं होतं आणि माझ्या हातात पहिलं बाळ ठेवलं होतं. हेसल रोडवर अर्धी पोरं तिच्या हातची आहेत.

"ये पोरी," ती मास्कमागून म्हणाली. "जवळ येऊ नकोस, हात ओले आहेत. काय म्हणतात आपले साहेब?"

"त्यांच्या घशात जंतू नाहीत."

"असतील कशाला? जंतूंनाही मान असतो काही."

"मॉड, चेष्टा नको. तुझं मत सांग."

ती हात घासत राहिली. "ऑलिव्ह गेल्यापासून मी हा मास्क खाली घेतलेला नाही. चहासुद्धा मागच्या खोलीत जाऊन त्या डेलियाबरोबर पिते. आणखी काय करू? तूच सांग."

"सगळ्यांच्या घशाचे स्वॅब घे. मेट्रनचा, फॅनशॉचा, डेलियाचा, तुझा. माझाही घे. डॉक्टर पायबसकडे तपासायला पाठवू."

"फॅनशॉ तोंड उघडेल?"

"तोंड तर तो कधी मिटतच नाही," मी म्हणाले.

मॉड हसली नाही. ती नळ बंद करायला वळली आणि तिला बराच वेळ लागला.

३

स्वॅब घेणं म्हणजे काडीला गुंडाळलेला कापूस घशामागून फिरवायचा आणि नळीत बंद करायचा. मॉडचा हात हलका, म्हणून सगळ्यांचे तिनंच घेतले. फॅनशॉ तर लहान मुलासारखे मान फिरवत होते. "आ करा साहेब," म्हणून मॉडनं त्यांची हनुवटी धरली तेव्हा त्या दिवसात पहिल्यांदा मला बरं वाटलं.

"तुझा कोण घेणार? आण, मी घेते," मी म्हणाले.

"घेतला की. आरशात बघून." तिनं नळी दाखवली. नाव घालून, बूच लावून तयार होती.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर पायबसनं आपल्या प्रयोगशाळेतून फोन केला. पायबस हा असा माणूस की विचाराल तेवढंच सांगेल आणि तेही उपकार केल्यासारखं. "एकात सापडले," तो म्हणाला. "बाकी चारांत नाहीत."

"कोणात सापडले?"

"गिलमार्टिन."

मी फोन ठेवायच्या आत बातमी इस्पितळभर झाली. मेट्रनबाईंच्या खोलीत फॅनशॉ आरामखुर्चीत बसले होते. मी आत गेले तशी त्यांनी दोन्ही हात पसरले. बघा, मी म्हणत नव्हतो?

"तिच्या घशात जंतू आहेत हे खरं," मी म्हणाले. "पण डोरा तापली तेव्हा ती इथं नव्हती. मग डोराला कोणी दिले? हिला कोणी दिले?"

"डोराचं नशीब वेगळं असेल," मेट्रनबाई म्हणाल्या.

"तोच ताप, तीच खोली, तेच दिवस. एकीला नशिबानं आणि दुसरीला नर्सकडून?"

"डॉक्टर वॉर्डेल," फॅनशॉ म्हणाले, "तुम्ही शास्त्राची परीक्षा मागितली. शास्त्रानं नाव दिलं. आता नाव आवडलं नाही म्हणून शास्त्राशीच भांडणार का?"

तुम्हाला सांगते, मला माझ्या पेशाचा राग क्वचित येतो. पण अर्धवट वापरलेल्या शास्त्राइतकं मूर्ख जगात काही नाही.

"तिची गाडी दुपारची आहे," मेट्रनबाई म्हणाल्या. "वर्तमानपत्रवाल्यांनाही सांगून झालं आहे. नाव न घेता. आयरिश शिकाऊ नर्स, एवढंच."

चँडलर लेनमध्ये आयरिश शिकाऊ नर्स एकच होती.

४

दुपारपर्यंत वेळ होता. मी आयव्हीच्या खोलीत गेले. तिला वेगळं ठेवलं होतं. गाल लाल, ओठ कोरडे, पण नजर जागी. बाळ तिच्यापासून दूर, दुसऱ्या मजल्यावर.

"आयव्ही, बाळंतपणाच्या वेळी तुझ्या आसपास कोण कोण होतं?" मी मास्कमधून विचारलं.

तिनं डोळे बारीक केले. "तोंडावरचं फडकं काढा डॉक्टरबाई. लहानपणी गोवरानं कान गेले माझे. ओठ बघितल्याशिवाय मला काही कळत नाही."

मी खिडकीपर्यंत मागे गेले, मास्क खाली घेतला आणि तोच प्रश्न पुन्हा विचारला.

"सिस्टर होत्या. ती आयरिश पोरगी होती, पायाशी."

"आणि मिस्टर फॅनशॉ?"

"तो? बाळ झाल्यावर आला. मेजवानीच्या कपड्यात. दारातून बघितलं, घड्याळ बघितलं, गेला."

माझा चेहरा पडला असणार. खरं सांगायचं तर मला तो फॅनशॉच हवा होता. उघड्या तोंडाचा, चिमटेवाला, मानद. पण जो माणूस दारापासून आत आला नाही त्यानं आयव्हीला ताप दिला असं मी कुठल्या तोंडानं म्हणणार?

"ती आयरिश पोरगी कशी वागली?"

"चांगली असेल. नुसते डोळे दिसले तिचे. तोंड कसं आहे देव जाणे." आयव्हीनं उशीवर मान कलती केली. "सिस्टर होत्या म्हणून निभलं. बाळाच्या गळ्यात नाळ होती म्हणे. आता ढकल, आता थांब, आता नुसता श्वास घे, असं एकेक सांगत होत्या. मध्ये तर मला शिवीसुद्धा दिली. आमच्या गल्लीतली." ती हसायला गेली आणि तिला खोकला आला. "त्यांना पाठवा ना. दोन दिवस आल्या नाहीत."

"पाठवते," मी म्हणाले.

"आणि माझा गाउन? तो धुतला का हो त्या बाईनं?"

बोट निघून आठवडा होत आला होता आणि पार उत्तरेला बेअर आयलंडकडे गेलेल्या बोटींची खबर लवकर येत नाही. "टोपलीत तसाच पडला आहे," मी म्हणाले. ते खरंच होतं. मेट्रनबाईंना पुरावा म्हणून तो मळकाच हवा होता.

जिन्यात डेलिया तिची ट्रंक ओढत खाली नेत होती. कोणी हात लावत नव्हतं. मी एक कडी धरली.

"तुला स्टेशनवर थांबता येईल? गाडी सुटली तरी?" मी विचारलं.

"कशासाठी?"

"अजून माहीत नाही. पण थांब."

५

"तबकड्या दाखव," मी पायबसला म्हणाले.

"कशाला? निकाल दिला ना."

"दाखव पायबस."

"टाकायला काढल्यात." तो कुरकुरत उठला आणि कोपऱ्यातल्या डब्यातून काचेच्या पाच तबकड्या काढून त्यानं टेबलावर मांडल्या. स्वॅबमधला मळ अशा तबकडीवर रक्त मिसळलेल्या जेलीवर पसरतात आणि रात्रभर उबेत ठेवतात. जे काही घशात असेल ते ठिपके होऊन उगवतं. डेलियाची तबकडी ओळखायला डॉक्टर लागत नव्हता. ठिपक्यांभोवती रक्त विरघळून स्वच्छ कडी पडली होती. हाच तो मारेकरी.

दुसरीवर नुसते हिरवट, करडे ठिपके. कोणाच्याही घशात असतात तसे निरुपद्रवी. तिसरीवर तसेच. चौथीवरही.

पाचवी मी उजेडाला धरली. तिच्यावर काहीच नव्हतं. एक ठिपका नाही. नुकतीच ओतल्यासारखी लालभडक, गुळगुळीत.

"ही बघितलीस?"

"बघितली. यात तो जंतू नाही. तुम्ही तेवढंच विचारलं होतं."

"यात कुठलाच जंतू नाही, पायबस."

"मग उत्तमच की, सगळ्यात स्वच्छ..." आणि तो थांबला. त्याचं तोंड तसंच उघडं राहिलं. त्यानं तबकडी माझ्या हातातून घेतली, वास घेतला, पुन्हा उजेडाला धरली. "असं होत नाही," तो हळूच म्हणाला. "माणसाच्या तोंडात काही ना काही असतंच. राजाच्या तोंडातही असतं. हा कापूस घशाला लागलेलाच नाही."

कोणीतरी कोरी काडी नळीत घातली होती. ज्याला निकालाची भीती होती त्यानं.

तबकडीखाली फॅनशॉचंच नाव असणार असं मी धरून चालले होते. तो आयव्हीच्या जवळही गेला नव्हता, त्याचं काय ते नंतर बघू, असंही मनाशी म्हटलं. मग आठवलं की फॅनशॉची हनुवटी धरून कापूस फिरवलेला मी स्वतः बघितला होता. मेट्रनबाईंचाही बघितला होता. डेलियाचाही. माझा तर माझ्याच घशात होता. एकच स्वॅब असा होता की तो घेताना मी बघितला नव्हता.

मी तबकडी उलटी केली.

स्टॅथर्स.

मी पायबसच्या स्टुलावर बसले. तो पाणी आणतो म्हणाला, मी नको म्हटलं. चूक झाली असेल, कापूस नीट लागला नसेल, हे सगळं मी मनात म्हणून बघितलं. पण दुसरंच काहीतरी माझ्या डोक्यात बसलं होतं आणि ते हलत नव्हतं. आता ढकल, आता थांब, आता श्वास घे. आयव्हीला ऐकू येत नाही. मग मास्क कधीच खाली न घेणाऱ्या सिस्टरचं बोलणं तिला कळलं कसं?

६

मॉड लेबर रूममध्ये एकटी होती. घासलेलेच हात पुन्हा घासत होती. मी दार लावून घेतलं.

"मॉड, आयव्हीला तुझं बोलणं कळलं कसं?"

ब्रश थांबला.

"ती बहिरी आहे," मॉड म्हणाली.

"म्हणूनच विचारते."

तिनं नळ बंद केला. "नाळ गळ्यात होती. मी ढकलू नको म्हणून ओरडतेय आणि ही ढकलतेय. डोळे पांढरे झाले होते तिचे. काय करायचं होतं मी? पाटीवर लिहून दाखवायचं? एवढासा खाली घेतला मास्क. तिला माझं तोंड दिसलं आणि ती थांबली. बाळ जगलं."

"आणि कोरा स्वॅब?"

तिनं ब्रश जागेवर ठेवला.

"कधीपासून माहीत आहे तुला?"

"ऑलिव्हला हुडहुडी भरली तेव्हापासून. घसा नाताळापासून येतोय-जातोय. आधी मनातच आलं नाही. मग एकदम आलं."

"मग सुट्टी घ्यायची होतीस. मला सांगायचं होतंस."

"सुट्टी?" ती पहिल्यांदा माझ्याकडे वळली. "गेल्या उन्हाळ्यात मी आठवडाभर स्कारबरोला बहिणीकडे गेले. परत आले तर दोघी फाटलेल्या आणि एक मूल गेलेलं. त्या माणसाला थांबता येत नाही, हेस्टर. त्याला जेवायला जायचं असतं. मी दारात उभी असते म्हणून ते चिमटे कपाटात राहतात. डोरा आणि ऑलिव्हच्या वेळी खरंच लागले, पण दहा बायकांना लागले नाहीत ते माझ्यामुळे. मी गेले तर इथं कोण आहे? सांग ना. कोण आहे?"

माझा आवाज चढला. "आणि डेलिया? तुझ्याबरोबर मागच्या खोलीत चहा पिऊन तिला हे लागलं. तिच्या नावावर दोन बायका घालून तिला घरी पाठवताहेत. तू बघत उभी राहिलीस."

"ती तरुण आहे. दुसऱ्या एखाद्या इस्पितळात..."

"कुठल्या? बाळंतिणी मारणाऱ्या नर्सला कोण ठेवतं?"

मॉड स्टुलावर बसली. मास्कवरचे तिचे डोळे एकदम म्हातारे दिसले. "तो विचार मी शेवटपर्यंत जाऊ देत नव्हते," ती म्हणाली. "दरवेळी मध्येच तोडत होते. आधी ही आजची बाळंतीण होऊ दे, मग बघू. मग पुढची होऊ दे."

मला तिचा भयंकर राग आला होता. आणि ती इथून गेली की या इमारतीत तिच्यासारखी दुसरी कोणी नाही, याचा त्याहून जास्त राग आला होता. कोणावर काढणार?

"मी सांगू की तू सांगतेस?" मी विचारलं.

ती उठली, टोपी सरळ केली. "त्याच्या तोंडावर मीच सांगते," ती म्हणाली. "तुझ्याकडून ऐकलं तर त्याला फार आनंद होईल."

७

मॉडनं मेट्रनबाईंच्या खोलीच्या उंबऱ्यावर उभं राहून त्यांना आणि फॅनशॉंना सगळं सांगितलं. आत आली नाही. ताप माझा, स्वॅब कोरा, पोरगी निर्दोष. रडली नाही, माफीही मागितली नाही. डोरा आणि ऑलिव्हच्या घरी मी स्वतः जाईन, एवढं शेवटी म्हणाली. ती खरोखर गेली. डोराचा नवरा समुद्रावरून परतला त्याच आठवड्यात गेली. तिथं काय झालं ते तिनं मला कधी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

आता तरी ही माणसं गप्प बसतील असं मला वाटलं होतं. मॉड गेल्यावर मेट्रनबाईंनी दार लावून घेतलं. मग म्हणाल्या, "सिस्टर स्टॅथर्सचं नाव बाहेर गेलं तर हेसल रोडवरून एक बाई इथं येणार नाही. गिलमार्टिन तर निघालीच आहे. तर मग..."

"तर मग काय?"

"जे छापून येणार आहे ते येऊ द्यावं."

ज्या बाईनं नाइटगाउनवर सगळं ढकललं होतं तिच्याकडून दुसरी अपेक्षा तरी काय करायची. "मिस ट्रॅनमर," मी म्हणाले, "संध्याकाळपर्यंत वर्तमानपत्राला खरी हकीकत गेली नाही तर मीच जाऊन सांगते. मिस्टर फॅनशॉ मास्क लावत नाहीत, हेही त्यात येईल. आणि गेल्या उन्हाळ्यातला तो आठवडाही येईल."

फॅनशॉंनी पाइप खाली ठेवला. "ही धमकी आहे."

"आहे," मी म्हणाले.

मेट्रनबाईंनी वर्तमानपत्राला फोन लावलेला बघितला आणि मग पॅरागॉन स्टेशन गाठलं. डेलियाची गाडी केव्हाच सुटली होती. ती मात्र बाकावर ट्रंकेशेजारी बसली होती, मांडीवर कागदात बटाट्याच्या तळलेल्या पॅटीचा तुकडा. मी सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं, पॅटी संपवली, बोटं पुसली.

"म्हणजे माझ्या घशात ते आहेच."

"आहे. घसा निवळेपर्यंत तुला बाळंतिणींजवळ जाता येणार नाही. पण तू आणलेलं नाहीस, आणि तुझ्यामुळे कोणी गेलेलं नाही. नोकरी राहील. पगारही राहील. ते मी बघते."

"सिस्टर मला रोज चहात जास्तीची साखर घालायच्या," ती म्हणाली. आम्ही दोघींनी मिळून ट्रंक उचलली.

मॉडचे टॉन्सिल काढले, पण तिनं लेबर रूममध्ये पुन्हा पाऊल टाकलं नाही. पुढे ती माझ्याच खात्यात तान्ह्या मुलांची वजनं करायला बसायची आणि त्यांच्या आयांवर खेकसायची. आयव्हीचा ताप तीन आठवडे चढत-उतरत राहिला, मग एका सकाळी उतरला तो उतरलाच. तिला मी मॉडबद्दल खरं ते सांगितलं. ती भिंतीकडे तोंड करून पडली. दुसऱ्या दिवशी म्हणाली, "मला कळत नाही त्यांना शिव्या घालू की बाळाचं नाव त्यांचं ठेवू." शेवटी तिनं दोन्ही केलं.

पण ते सगळं नंतरचं. त्या दिवशी मी स्टेशनवरून परत आले तेव्हा लेबर रूममध्ये एक बाई दाखल झाली होती. धूरघरात मासळी वाळवणारी, पहिलटकरीण, घाबरून पिवळी पडलेली. सिस्टर कोणी नव्हती. फॅनशॉ बाह्या सरसावत होते आणि चिमट्यांचं कपाट उघडं होतं.

मी कोट काढला, मास्क बांधला आणि हात घासायला लागले.

"काय चाललंय हे?" फॅनशॉंनी विचारलं.

"हात धुतेय. तुम्हीही धुवा. आणि तो दुसरा मास्क तुमचा."

"या इस्पितळात बाई डॉक्टरला काम करता येत नाही. नियम आहे."

"माहीत आहे. मग काढा मला बाहेर."

"मी समितीला कळवीन."

"जरूर कळवा. समिती बुधवारी बसते. हे बाळ त्याआधी येईल असं दिसतंय."

"तुम्हाला कल्पना आहे का, तुमच्यासारख्या बाईला या दारातून आत घेणं म्हणजे..."

"काय म्हणजे?"

"म्हणजे उद्या सगळ्याच येतील."

टेबलावरच्या बाईनं कोपरांवर उठून आधी त्यांच्याकडे आणि मग माझ्याकडे बघितलं. "तुमचं दोघांचं झालं असेल," ती दात आवळून म्हणाली, "तर इकडे लक्ष द्या. डोकं दिसतंय का बघा, आणि ज्याला काही येत नसेल त्यानं बाहेर जावं."

फॅनशॉंनी घड्याळ बघितलं आणि ते बाहेर गेले. मी कोपरानं कपाट लावून घेतलं आणि तिच्या पायाशी जाऊन उभी राहिले.